म्यूट कर ना, विषय संपला!

दिवाळीत माहेरी गेले होते, धाराशिवला. (हो, आता पाट्यांवर धाराशिवच असतं, २०२३ मध्ये जिल्ह्याचंही नाव बदललं. आईच्या तोंडी मात्र अजून उस्मानाबादच येतं आणि तिला कुणी टोकत नाही.) तर तिथे ऐन भाऊबिजेच्या दिवशी माझं आणि दादाचं भांडण झालं. ओवाळणी घेऊन झाल्यावर झालं हे एक बरं. भांडणात मी हरले, म्हणजे दादाने चहा मागवला आणि विषय बदलला. आमच्या घरात वाद असेच संपतात. म्हटलं, इथे लिहावं, इथे निदान मध्येच चहा येत नाही. :)

झालं असं. दादाची मुलगी, माझी भाची, बारावीला आहे. इथे तिला चिऊ म्हणू. चिऊ मोबाईलवर तो चौघांच्या टोळीचा बंदुकांचा गेम खेळते. गेमचं नाव लिहीत नाही, मला एका कंपनीशी भांडायचं नाहीये. आणि खरं सांगायचं तर या जातीच्या सगळ्याच गेममध्ये हे चालतं. नात्यातल्या ज्येष्ठ मंडळींसाठी थोडक्यात सांगते. विमानातून उडी मारायची, बेटावर उतरायचं, घराघरांतून बंदुका गोळा करायच्या आणि जी टोळी शेवटपर्यंत जिवंत राहील ती जिंकली. टोळीत चार जण. मित्रमंडळी असली तर उत्तम, नसली तर गेमच कुठलेतरी तीन अनोळखी खेळाडू जोडून देतो. हे चौघं माईकवर एकमेकांशी बोलतात, शत्रू कुठे आहे ते सांगतात, मदतीला बोलावतात. कुणी गोळी लागून पडला तर दुसऱ्याने पळत येऊन त्याला उचलायचं असतं. म्हणजे बोलणं ही काही गंमत म्हणून दिलेली सोय नाही, खेळाचाच भाग आहे तो.

त्या संध्याकाळी चिऊचे हेडफोन माझ्या लेकाने पळवले होते, त्यामुळे ती स्पीकर चालू ठेवून सोफ्यावर मांडी घालून खेळत होती. मी शेजारीच करंज्यांचा डबा घेऊन बसलेले. सोबतचे तिघं अनोळखी. बराच वेळ ती गप्पच होती. मग एकदम म्हणाली, गच्चीवर दोघं आहेत, वर जाऊ नका. एवढंच.

तीन सेकंद शांतता. मग एक आवाज आला, "अरे, लडकी है!"

पुढची दोन मिनिटं जे ऐकू आलं ते मी इथे लिहू शकत नाही. माझ्या मांडीवरचा डबा तसाच राहिला. दोघं हिंदीत बोलत होते. तिसरा चक्क मराठीत, आणि तेही आपल्याकडच्या मराठीत, 'करालीस', 'बोलालीस' म्हणणारा. म्हणजे लातूरचा असेल नाहीतर आपल्याच जिल्ह्यातला. परक्याच्या तोंडून ऐकण्यापेक्षा ते जास्त लागलं, का ते सांगता येत नाही.

चिऊने काय केलं? चेहरासुद्धा बदलला नाही पोरीने. अंगठा सरकवून त्या तिघांच्या नावांपुढचे स्पीकर बंद केले. मग स्वतःच्या माईकवरही फुली मारली आणि खेळत राहिली. मी विचारलं, "अगं त्यांना बंद केलंस ते कळलं, स्वतःला का?"

"आत्या, मी बोलत राहिले तर मुद्दाम त्रास देतात. पडले तर उचलायला येत नाहीत. मुलगी आहे हे कळलंच नाही तर बरं असतं."

दादाने मोबाईलमधून मान वर न काढता निकाल दिला, "म्यूट केलंस ना? मग झालं. विषय संपला."

माझं डोकं तिथे फिरलं. कारण माझ्या मते विषय तिथे सुरू होतो.

आधीच सांगते, मी म्यूटच्या विरोधात नाही. उलट ज्याने कुणी ते बटण पहिल्यांदा केलं त्याचं भलं होवो. मी स्वतः नातेवाइकांचे दोन ग्रुप म्यूट केलेले आहेत (कुठले ते कृपया फोन करून विचारू नये). माझ्या कानात काय शिरू द्यायचं हे मी ठरवणार, त्यासाठी मला कुणाची परवानगी लागू नये. "खेळायला आलीस तर ऐकावंच लागेल" म्हणणाऱ्यांना तर मी दारातूनच परत पाठवीन. बटण हवंच.

पण बटणाने काय होतं आणि काय होत नाही, तेही बघा ना. लहानपणी आपण कट्टी घ्यायचो, आठवतंय? करंगळी पुढे करून, समोरच्याच्या डोळ्यांत बघून, अगदी जाहीर. ज्याच्याशी कट्टी झाली त्याला ते कळायचं. का झाली तेही कळायचं, कारण अख्खी गल्ली त्याला सांगायची. दोन दिवस तो एकटा गोट्या खेळायचा, तिसऱ्या दिवशी बोरं घेऊन यायचा आणि बट्टी व्हायची. कट्टीत राग होता, पण निरोपही होता. म्यूटमध्ये निरोप नाही. चिऊने ज्याला बंद केलं त्याच्या मोबाईलवर काहीही दिसत नाही. तो बोलतच राहतो. उरलेले दोघं त्याला दाद देतच राहतात. त्या पोराच्या लेखी काही घडलेलंच नाही. घडलं ते फक्त चिऊच्या बाजूला. तिचा खेळ आंधळा झाला, कारण आता तिला साथीदारांचं काही ऐकू येत नाही आणि तिचंही कुणाला ऐकू जात नाही.

आणि हे आजचं नाही हो. १९९३ ची गोष्ट आहे. अमेरिकेत झेरॉक्स कंपनीच्या पालो आल्टोमधल्या संशोधन केंद्रातल्या संगणकावर लॅम्डामू नावाचं एक जग होतं. चित्रं नाहीत, आवाज नाही, सगळं फक्त अक्षरांत. लोक लांबून त्यात शिरायचे आणि एका मोठ्या घराच्या दिवाणखान्यात गप्पा मारायचे. तिथे एका माणसाने दोन-तीन खेळाडूंच्या नावाने सगळ्यांसमोर अत्यंत घाणेरडी, हिंसक वर्णनं लिहायला सुरुवात केली. ज्युलियन डिबेल नावाच्या पत्रकाराने त्यावर त्या वर्षी डिसेंबरमध्ये 'व्हिलेज व्हॉइस'मध्ये मोठा लेख लिहिला आणि तो खूप गाजला. तेव्हाही तिथे 'गॅग' नावाची आज्ञा होती, म्हणजे आजचं म्यूटच. तेव्हाही काही जण म्हणाले, अहो, गॅग करा आणि पुढे चला. पण गॅग केल्यावर ते लिखाण फक्त त्या बाईच्या पडद्यावरून जायचं. बाकीचा दिवाणखाना बसून वाचतच होता. तिच्याबद्दल, तिच्या नावाने! शेवटी त्या लोकांनी सभा घेतली, वाद घातले, एका चालकाने त्या माणसाचं खातंच उडवलं, आणि पुढे आपल्या जगासाठी मतदानाची पद्धत बसवली. तीसहून जास्त वर्षं झाली, आणि दादा अजून 'गॅग करा आणि पुढे चला'वरच आहे.

दादाला मी खो-खोचं उदाहरण दिलं. धाराशिवात खो-खोचं उदाहरण दिलं की माणूस निदान ऐकून तरी घेतो. आपल्या गावच्या सारिका काळे यांच्या नेतृत्वाखाली भारतीय मुलींनी २०१६ मध्ये गुवाहाटीच्या दक्षिण आशियाई स्पर्धेत सुवर्ण जिंकलं, २०२० मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. त्यानंतर तर घराघरात कुणी ना कुणी खो-खोचा जाणकार आहे. तर खो-खोत 'खो' कसा द्यायचा? बसलेल्या खेळाडूच्या मागून, हात लावून, आणि मोठ्याने, ऐकू जाईल असा. पुटपुटलेला खो धरत नाहीत, पंच शिट्टी मारतात. म्हणजे आवाज हा नियमातच आहे. आता समजा एखाद्या मुलीने तोंड उघडलं की मैदानाच्या कडेने घाणेरडी हुल्लड होते. तर आपण तिला काय सांगू? बाई, तू खो मनातल्या मनात दे? कानात बोळे घालून पळ?

आमच्या शाळेत खरंच हुल्लड व्हायची. मुलींच्या सरावाला कुंपणापाशी पोरं जमायची, नावं ठेवायची. आमचे खेळाचे सर मुलींना काही म्हणाले नाहीत. ते सरळ कुंपणापाशी गेले. काय बोलले ते आम्हाला ऐकू आलं नाही, पण दुसऱ्या दिवशी त्यातली दोन पोरं मैदानावर चुन्याची फक्की मारत होती. मुलीच्या कानाचा बंदोबस्त करायच्या ऐवजी सरांनी बोलणाऱ्याच्या तोंडाचा केला, एवढंच माझं म्हणणं आहे. आणि एवढंच दादाला पटत नव्हतं.

दादा म्हणाला, "सर एक शाळा सांभाळत होते. हे लाखो लोकांचं आहे. चार नासके आंबे असणारच, त्यांना काढून टाकायचं, बाकी पेटी चांगली आहे." हा नासक्या आंब्यांचा मुद्दा मला आधी पटला होता. मग मी जरा शोधाशोध केली. लीग ऑफ लीजेंड्स नावाचा एक प्रचंड खेळला जाणारा गेम आहे, त्याच्या कंपनीने, रायटने, मानसशास्त्र आणि मेंदूविज्ञान शिकलेली माणसं नोकरीला ठेवून याचा अभ्यास केला. २०१६ मध्ये 'नेचर'मध्ये त्यावर लेख आला होता. त्यांना आढळलं की सतत विषारी वागणारे खेळाडू साधारण १ टक्का. ठीक, हे नासके आंबे. पण गेममधल्या एकूण घाणीत त्यांचा वाटा किती? फक्त ५ टक्क्यांच्या आसपास. उरलेली बहुतेक घाण साध्यासुध्या लोकांनी केलेली, ज्यांचा त्या दिवशी मूड खराब होता अशांनी. म्हणजे पेटीतले चार आंबे फेकून काही व्हायचं नाही. वास सगळ्या पेटीला आहे, रोज थोडा थोडा.

साधीसुधी माणसं म्हणजे कोण? म्हणजे आपलीच की.

आता जे लिहिणार आहे ते ज्याच्याबद्दल आहे त्याची परवानगी घेऊन लिहितेय. ताईने कृपया आधी शेवटपर्यंत वाचावं, मग फोन करावा.

भाऊबिजेनंतर दोन दिवसांनी मी कळंबला ताईकडे गेले. ताईचा मुलगा, आपण त्याला पिंट्या म्हणू, एकोणीस वर्षांचा. मी दारात पोचले तर एसटीतून उतरवलेली माझी पिशवी त्याने हातातून घेतली, वाकून नमस्कार केला, पाणी आणून दिलं. अतिशय गुणी मुलगा आहे, यात तिळमात्र शंका नाही. आजोबांच्या आजारपणात रात्र-रात्र जागलाय. दुपारी मी आडवी झाले, आणि शेजारच्या खोलीतून त्याचा आवाज यायला लागला. त्याला हेडफोन होते, त्यामुळे समोरचे काय म्हणत होते ते मला ऐकू येत नव्हतं. पिंट्या काय म्हणत होता ते मात्र स्वच्छ ऐकू येत होतं. आईवरून, बहिणीवरून. हिंदीतून, मराठीतून. एका वाक्यावरून तर स्पष्ट कळलं की पलीकडे एक मुलगी आहे. अगदी चिऊच्या मोबाईलमधून आलेले तेच शब्द, फक्त या वेळी भिंतीपलीकडून, आपल्याच पोराच्या आवाजात.

मी उठून स्वयंपाकघरात गेले. ताई शांतपणे शेंगदाणे भाजत होती. म्हटलं, "ऐकालीस का?" ताई म्हणाली, "अगं गेममधलं आहे ते. त्यात चालतंच तसं. मी लक्षच देत नाही."

बघा हं. सगळ्या दुनियेत ज्यांना या पोराचा आवाज बंद करता येत नाही अशी माणसं फक्त एका ठिकाणी आहेत, त्याच्या घरात. ऐकू येतं ते ताईला, भाऊजींना, आजीला. चिऊसारखं नावापुढचं चित्र दाबून त्याला गप्प करायची सोय यांच्याकडे नाही. आणि नेमक्या याच माणसांनी त्याला मनातल्या मनात म्यूट केलंय. पलीकडे ती मुलगी त्याला बंद करणार, इकडे आई बंद करणार, आणि मधला पिंट्या कुणालाच ऐकू जात नसल्यासारखा ओरडत राहणार.

संध्याकाळी मी त्याला येरमाळ्याच्या रस्त्याने फिरायला नेलं आणि सरळ विचारलं. आधी तो 'मावशी, तुम्ही ऐकलं?' म्हणून लाल झाला. मग म्हणाला, "पण सगळेच बोलतात." मग थोडा वेळ गप्प. आणि मग जे बोलला ते माझ्या डोक्यातून जात नाही. म्हणाला, "मावशी, खरं सांगू, दोन वर्षं झाली खेळतोय, मला कधी कुणी काही बोललंच नाही."

कुणी बोलणार कसं? ज्यांना बोलायचं होतं त्यांनी बटण दाबलं. आणि बटण दाबणं त्यांचा हक्कच होता.

म्हणून मला त्या रायटवाल्यांची दुसरी एक गोष्ट जास्त महत्त्वाची वाटते. ज्यांना शिक्षा झाली त्यांना नुसतं 'तुम्ही अमुक प्रकारचं गैरवर्तन केलं' एवढंच कळवलं, तर त्यांतले ५० टक्के पुढच्या तीन महिन्यांत पुन्हा तसे वागले नाहीत. पण जेव्हा त्यांना त्यांचंच बोलणं जसंच्या तसं दाखवलं, की बघा, हे तुम्ही बोललात आणि यासाठी शिक्षा आहे, तेव्हा हे प्रमाण ६५ टक्क्यांवर गेलं. कुठलंही प्रवचन नाही, फक्त आरसा. आणि त्याच कंपनीने एकदा समोरच्या टोळीशी गप्पा मारायची सोय मुळातून बंद ठेवली, ज्याला हवी त्याने आपण होऊन चालू करावी. तर अपशब्द आठवड्याभरात जवळपास एक तृतीयांशाने उतरले, आणि गप्पांचं एकूण प्रमाण मात्र तेवढंच राहिलं. म्हणजे लोक बोलायचे थांबले नाहीत, एक पायरी वर चढून बोलावं लागलं तेव्हा जरा शुद्धीवर राहून बोलले.

तेव्हा 'एवढ्या लोकांचं कसं होणार' असं म्हणणाऱ्यांनी जरा थांबावं. होतं. काउंटर-स्ट्राइकवाल्यांनी फेब्रुवारी २०२० मध्ये केलं. ज्याच्याविरुद्ध इतरांपेक्षा खूप जास्त तक्रारी येतात त्याला आधी इशारा, आणि तरी सुधारला नाही तर तो सगळ्यांसाठी आपोआप म्यूट. ज्याला ऐकायचंच आहे त्याने मुद्दाम चालू करून ऐकावं. खेळून खेळून गुण मिळवले की बंदी सुटते. मला यातली मेख आवडली. ओझं उलटं फिरवलंय. एरवी दर सामन्याला चिऊने तिघांना बंद करायचं, दुसऱ्या सामन्याला नवे तिघं, पुन्हा बंद करायचं. मोजा, दिवसात पाच सामने म्हणजे पंधरा वेळा ती ऐकणार आणि मग बंद करणार. कारण म्यूट ऐकल्याशिवाय करताच येत नाही! पहिला घाव खाल्ल्यावरच ढाल मिळते, अशी ही ढाल.

यावर आमचे एक मित्र (ब्लॉग लिहिणाऱ्यांपैकीच, नाव घेत नाही) म्हणाले की सगळ्यांसाठी म्यूट म्हणजे हे वाळीत टाकणंच झालं, आणि आपल्याच राज्याने त्याविरुद्ध कायदा केलाय. मुद्दा हलका नाही. महाराष्ट्राने २०१६ मध्ये सामाजिक बहिष्काराविरुद्ध कायदा केला, जुलै २०१७ पासून तो लागू आहे, तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. मला अभिमान आहे त्याचा. पण वाळीत टाकणं म्हणजे काय ते आपल्या भागातल्या माणसाला सांगायला नको. देवळात येऊ न देणं, मयताला खांदा न देणं, लेकीबाळींची लग्नं मोडणं. तिथे जातपंचायत बसते, कारण न सांगता शिक्षा देते, आणि दाद मागायला जागा नसते. इथे पिंट्याला खेळायला कुणी बंदी करत नाहीये. त्याने गोळ्या माराव्यात, जिंकावं, कोंबडीचं जेवण जेवावं (हा गेममधला विनोद आहे, शाकाहारी मावशींनी दचकू नये). फक्त त्याचा माईक काही दिवस बंद. तरी मित्राचं एवढं मान्य, की कंपनीने सगळ्यांसाठी तोंड बंद करताना पंचायतीसारखं वागू नये. काय बोलल्याबद्दल, किती दिवस, आणि चुकीचं वाटलं तर कुणाकडे जायचं, हे त्याला स्पष्ट सांगावं. नाहीतर चार टवाळ मिळून एखाद्या मुलीविरुद्ध खोट्या तक्रारी करतील आणि तिचाच माईक जाईल. हे होऊ शकतं, ही भीती मलाही आहे.

दुसरा एक मुद्दा दादाचा, की मग पोलिसात जा. कायदा आहेच, बाईची अप्रतिष्ठा करणारे शब्द उच्चारणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७९ खाली गुन्हा आहे, आधी तो भारतीय दंड संहितेच्या ५०९ मध्ये होता. पण बारावीतली मुलगी दर संध्याकाळी पंधरा जणांविरुद्ध ठाण्यात जाणार का? आणि गेली तर पहिला प्रश्न काय येणार हे तुम्हालाही माहितेय, "बारावीला आहेस आणि गेम खेळतेस?" सरकारला गेम दिसत नाहीत असं नाही. २ सप्टेंबर २०२० ला एका दिवसात ११८ ॲप बंद केली, त्यात पब्जी होतं. कारण देशाची सुरक्षा. ऑगस्ट २०२५ मध्ये ऑनलाइन गेमचा कायदा झाला, तो मुख्यतः पैसे लावून खेळायच्या खेळांवर. दोन्ही ठीकच. पण गेमवर एवढी चर्चा झाली, व्यसन, डोळे, पैसे, चीन, सगळं येऊन गेलं, आणि रोज संध्याकाळी पोरी माईकवर फुली मारून बसतात त्यावर एक अवाक्षर नाही.

हो, तक्रारीचं बटण असतं. चिऊने एकदा माझ्यासमोर दाबलं. आभार मानणारा एक निरोप आला, नंतर काही नाही. त्या यंत्राला आपल्याकडची मराठी कितपत समजते देव जाणे. ज्या शब्दांनी माझ्या अंगावर काटा आला ते शब्द लातूरच्या बसस्टँडवर समजतील, लांब बसलेल्या संगणकाला ते नुसते उच्चार.

एक गंमत सांगते, नाहीतर फारच कडू होतंय. दिवाळीच्या शेवटच्या दिवशी चिऊ पुन्हा स्पीकरवर खेळत होती आणि पुन्हा एकाने सुरुवात केली. आई, म्हणजे चिऊची आजी, शेजारी वाती वळत बसलेली. तिला कुणीतरी फोनवर बोलतंय एवढंच कळलं. ती वाकून मोबाईलमध्ये म्हणाली, "कोण बोलालाय रं? कुण्या गावचा तू? आईचं नाव काय तुझ्या?"

पलीकडे चिडीचूप. मग तो गेम सोडूनच गेला. सगळं घर हसलं, दादासुद्धा. मी मात्र विचार करत राहिले की आईने ना त्याला म्यूट केलं, ना शिवी दिली. कुण्या गावचा आणि कुणाचा, एवढंच विचारलं, आणि त्याला पळता भुई थोडी झाली. आपल्याला कुणीतरी माणूस ऐकतंय हे त्याला बहुतेक पहिल्यांदाच कळलं असेल.

अर्थात प्रत्येक गेमला एक आजी बसवता येणार नाही. पण कळंबच्या त्या खोलीबाहेर तर बसवता येईल ना? ताई, तुझ्यावर राग नाही गं माझा. माझा लेक अजून नऊ वर्षांचा आहे, म्हणून मी एवढ्या जोरात बोलतेय. तो माईक लावेल तेव्हा मीही शेंगदाणेच भाजत बसले असेन कदाचित. पण निदान आज ऐकू येतंय तोवर सांगते. पिंट्याच्या खोलीतून काय येतं ते ऐक, दार उघड, आणि त्याला विचार की पलीकडे कोण आहे. मारू नकोस, मोबाईल हिसकावून घेऊ नकोस. फक्त तुला ऐकू येतं हे त्याला कळू दे.

पिंट्याने मला शब्द दिलाय. तो किती पाळेल मला माहीत नाही, पण त्याच्या बाजूने एक गोष्ट सांगायलाच हवी. त्याची आणि चिऊची एक टोळी आहे. बाकीचे दोघं एक बार्शीचा, एक निलंग्याचा, गेममध्येच ओळख झालेले, प्रत्यक्ष कधी न भेटलेले. येत्या रविवारी त्यांची एक छोटी ऑनलाइन स्पर्धा आहे. चौघांत नकाशा सगळ्यात चांगला कळतो तो चिऊला. कुठे उतरायचं, कधी थांबायचं, कधी पळायचं, हे तिनेच सांगायला हवं, असं पिंट्या स्वतः म्हणतो. पण बार्शीच्या आणि निलंग्याच्या त्या दोघांना अजून माहीतच नाही की चौथा खेळाडू मुलगी आहे. तिने त्यांच्यासमोर कधी माईक उघडलेला नाही. तो उघड म्हणून मी दोन दिवस तिच्या मागे लागले, पिंट्याही लागला, ती नुसती मान हलवते.

म्हणून असं ठरलंय की रविवारी सकाळी पिंट्या कळंबहून धाराशिवला येणार. दोघं दादाच्या हॉलमध्ये शेजारी शेजारी बसणार. चिऊ त्याच्या कानात हळूच सांगणार, आणि पिंट्या ते माईकवर मोठ्याने बोलणार.